सर बोलेपर्यंत

हृषीकेश भंगाळेला क्रिकेटमधून हाकललं तेव्हा तो सातवीत होता. गुन्हा एवढाच, की तो बॉल टाकायचा नाही, फेकायचा. कोपर वाकवून, सपकन. जळगावच्या शाळेतली पोरं "फेकी, फेकी" म्हणून बोंबलायची. शेवटी कॅप्टनने त्याला टीमबाहेर काढलं आणि हा मैदानाच्या कडेला बसून मुसमुसत राहिला. तिथे पीटीचे चिरमाडे सर आले. त्याच्या उजव्या हाताकडे बघत म्हणाले, "रडतोस कशाला? हात चांगला आहे. खेळ चुकीचा धरलास."

ही गोष्ट त्याने मला इतक्यांदा सांगितली की पोळ्या लाटता लाटता पुढची वाक्यं मीच म्हणायचे. तो चिडायचा नाही. "ताई, तुला नाही कळणार," म्हणायचा आणि पुन्हा पहिल्यापासून सुरू करायचा.

मी सुमेधा. ॲडलेडला मॉसन लेक्समध्ये राहते, इथल्या युनिव्हर्सिटीच्या ऑफिसात नोकरी करते. एकटी राहते, मला ते आवडतं, आणि त्यावर कोणी कळवळा दाखवला की माझं डोकं फिरतं. पुढची खोली भाड्याने देते. हृषीकेश मास्टर्स करायला आला तो माझ्याकडेच उतरला. शिकला, पीआर म्हणजे इथे कायम राहायची परवानगी मिळवली, कुरियरच्या गोदामात शिफ्ट करू लागला, पण खोली काही त्याने सोडली नाही. रविवारी मागच्या अंगणात बार्बेक्यूवर वांगी भाजायचा आणि ही वांगी जळगावच्या वांग्यांच्या पासंगालाही पुरत नाहीत म्हणून कुरकुरत दोन माणसांचं भरीत एकटा संपवायचा. पहिली दोन वर्षं मी त्याला भाडेकरू म्हणायचे. नंतर कोणी विचारलं तर भाऊ म्हणायला लागले, कारण ते सोपं पडायचं आणि खरंही होतं.

दत्तात्रय चिरमाडे सरांचं निम्मं आयुष्य जळगावात बेसबॉल म्हणजे काय हे सांगण्यात गेलं. पतियाळाच्या एका शिबिरात ते हा खेळ शिकून आले होते. शाळेच्या मैदानाच्या कोपऱ्यात त्यांनी काळ्या मातीचा उंचवटा केला. उन्हाळ्यात त्याला भेगा पडायच्या, म्हणून पोरं रोज संध्याकाळी तुळशीला घालावं तसं त्याला पाणी घालायची. त्या उंचवट्यावर उभं राहून जो बॅटवाल्याला बॉल टाकतो तो पिचर. बॉल टप्पा घेत नाही, हातातून सुटला की थेट जातो. अख्खा खेळ त्या एका माणसाच्या कोपरावर चालतो, आणि कोपर काही लोखंडाचं नसतं. म्हणून इथले कोच पिचरचे बॉल मोजतात, आणि एक दिवस जोर लावला की पुढचे काही दिवस हाताला सुट्टी देतात. हे चिरमाडे सरांनाही पक्कं माहीत होतं. माझ्या पोरांचे हात मला म्हातारपणी शाबूत दिसले पाहिजेत, असं ते म्हणायचे.

सरांची रीत एकच वेगळी होती. बेसबॉलच्या बॉलवर एकशे आठ टाके असतात. सर म्हणायचे, माळेत मणी तेवढेच, मग वेगळा जप कशाला करायचा? गुरुपौर्णिमेला प्रत्येक पोराने एकशे आठ बॉल टाकायचे, अगदी हळू, डोकं शांत ठेवून. वर्षातून एकदा. हार नको, पेढे नकोत, पाया पडणं तर मुळीच नको.

इथे आल्यावर हृषीकेश शनिवारी एका क्लबकडून खेळायचा. क्लबवाले त्याला रिशी म्हणत. बॉल वेगवान होता, पण खरी मेख होती वळणात. बॅटवाल्याच्या पुढ्यात येऊन त्याचा बॉल असा खाली बसायचा की भलाथोरला गोरा गडी हवेत बॅट फिरवून स्वतःभोवतीच गिरकी घ्यायचा. व्यावसायिक लीगच्या चाचणीला तो दरवर्षी जायचा आणि दरवर्षी शेवटच्या यादीतून गळायचा, कारण पिचरच्या जागा अमेरिकेतून आणि जपानमधून येणाऱ्यांसाठी धरलेल्या असत. तो तिशी ओलांडून गेला. पिचरला तिशी म्हणजे काय, हे नाचणाऱ्यांना विचारा.

मग दोन हजार वीस उजाडलं. कोरोनाने जगाचं वाटोळं केलं आणि ह्याचं दार उघडलं. सीमा बंद, विमानं बंद, परदेशी खेळाडू येणार कुठून? सीझन छोटा करायचा आणि इथल्याच पोरांवर भागवायचं असं ठरलं. ऑगस्टमध्ये क्लबचा कोच मिच, ज्याच्याकडे त्या वर्षी लीगची टीमही दिली होती, तो घरी आला, माझ्या हातचा चहा प्यायला आणि म्हणाला, "वन सीझन, रिशी. नेक्स्ट इयर दे ऑल कम बॅक. सो मेक इट काउंट, मेट."

म्हणजे एकच उन्हाळा होता. पगारी पिचर म्हणून नाव लागणारा, आमच्या माहितीतला तरी, आपल्या लोकांतला तो पहिलाच. त्या दुपारी त्याने सरांना व्हिडिओ कॉल लावला आणि मिचने आणलेल्या नव्या शर्टाची पाठ कॅमेऱ्याला दाखवली. पाठीवर भंगाळे लिहिलेलं. सरांनी मान पुढे काढून ते नाव वाचलं. चष्मा काढून पुसला, पुन्हा घातला, आणि एवढंच म्हणाले, "आता हाताला जप."

गणपती संपले आणि सरांना कोरोना झाला. जळगावात तेव्हा काय चाललं होतं ते आठवतच असेल. बेड मिळेना, ऑक्सिजन मिळेना. हृषीकेशची मोठी बहीण नीरजा सरांच्या गल्लीतच राहते, तिनेच धावपळ करून त्यांना दवाखान्यात नेलं. आणि इथे? इथे केसेस जवळपास नव्हत्याच. लोक तळ्याकाठी कुत्री फिरवत होते, कॅफेत बसून हसत होते. मला त्या हसणाऱ्यांचा राग यायचा. त्यांचा काय दोष, हे कळत असूनही यायचा. हृषीकेशला जाता येत नव्हतं. गेला असता तर परत यायची शाश्वती नव्हती, आणि तिथे तरी दवाखान्याच्या दाराबाहेरच उभं राहायचं होतं.

त्या आठवड्यापासून तो रोज सकाळी ओव्हलवर, म्हणजे जवळच्या मैदानावर, जाऊ लागला. क्रिकेटच्या नेटमध्ये त्याने जुनी गादी टांगली आणि तिच्यावर बॉल मारू लागला. मॅगपाय पक्ष्यांच्या चोची मारायच्या दिवसांत डोक्यावर सायकलचं हेल्मेट घालून हा बॉल फेकतोय, लोक फोटो काढायचे. मला वाटलं, सीझनची तयारी. दुःख झालं की माणूस कामात डोकं घालतो, मीही घालते. मिचने त्याला आठवड्याचं वेळापत्रक दिलं होतं, त्यात सुट्टीचे दिवस होते. "आज सुट्टी नाही का रे?" मी एकदोनदा विचारलं. "हलकंच टाकतोय, ताई." खोटं बोलत होता.

दर दोन-तीन दिवसांनी नीरजाला फोन व्हायचा. सर कसे आहेत? आहेत, ऑक्सिजन लावलाय. पुढे कळलं, घरी आणलंय, पण घसा गेलाय, बोलता येत नाही. फोन कानाला लावून दे ना. नको, डॉक्टरांनी त्रास द्यायचा नाही म्हणून सांगितलंय. व्हिडिओ? नेट नाही. दिवाळीतही तेच. चित्रलेखाकाकूंशी, म्हणजे सरांच्या बायकोशी, बोलू दे म्हणाला तर काकू नेमक्या आत्ताच झोपल्या. मला तेव्हाच वास यायला हवा होता. पण इतक्या लांब राहणारा माणूस फोनवरच्या शब्दाला धरून जगतो, त्याला दुसरं काही नसतंच.

नोव्हेंबरात शेजारच्या पॅराफील्डमध्ये केसेस निघाल्या आणि आमच्याकडे कडक लॉकडाऊन लागला. व्यायामालासुद्धा बाहेर पडायचं नाही. दुपारी गराजमधून धप धप आवाज यायला लागले. मी दार उघडलं. ह्याने माझी गाडी बाहेर काढून भिंतीला गादी टेकवली होती. शर्ट घामाने चिंब, ओठ दाताखाली. बॉल टाकला की डाव्या हाताने उजवं कोपर धरायचा, वाकायचा, सरळ व्हायचा, पुन्हा टाकायचा. कोपर सुजून गाठोडं झालेलं. आणि तो रडत होता, बहुतेक त्याचं त्याला कळतही नव्हतं.

"बास!" मी ओरडले. "हात तोडायचाय का तुला?"

"थोडेच राहिलेत."

"कसले राहिलेत?"

त्याने पुढचा बॉल उचलला. मी बॉलची बादली उचलली आणि दाराशी जाऊन उभी राहिले. माझा हट्ट त्याला माहीत होता. शेवटी भिंतीला पाठ टेकून खाली बसला.

"ताई, नवस आहे. सांगायचा नसतो गं. सांगितला की फळत नाही."

पद्मालयाच्या गणपतीला नवस बोलला होता. रोज एकशे आठ बॉल, पूर्ण ताकदीने, एकही दिवस खाडा न करता. कधीपर्यंत? सर स्वतःच्या तोंडाने फोनवर बोलेपर्यंत.

"हळू टाकायचेस की मग! सर हळूच टाकायला लावायचे ना?"

"देवाला अर्धंमुर्धं कसं देऊ?"

माझी तळपायाची आग मस्तकात गेली. देवावर गेली, ह्याच्यावर गेली, त्या एकशे आठावर गेली. पण त्याच्याकडे बघितलं आणि हातातली बादली खाली ठेवली. इतका वेडा, इतका सरळ माणूस. देवाकडे मागायला गेला आणि जवळ होतं नव्हतं ते एकच देऊन बसला.

मी घरात आले आणि नीरजाला फोन लावला. म्हटलं, ह्याला जरा धीर येऊ दे. सरांना नुसतं हं म्हणायला सांग फोनवर. नवसाचं नाव मी घेतलं नाही, तो सांगायचा नसतो ना. ह्याचा हात दुखतोय, त्यात ही काळजी, एवढंच म्हणाले. हृषीकेश माझ्या मागोमाग स्वयंपाकघरात आला होता, आणि फोन स्पीकरवर होता.

 पलीकडे नीरजाला रडू फुटलं.

"ताई, सर नाहीत हो. सर पितृपक्षातच गेले."

पितृपक्ष म्हणजे सप्टेंबर. दोन महिने होऊन गेले होते.

"तो एकटा तिकडे," नीरजा बोलतच राहिली. "यायची सोय नाही, खांदा द्यायची सोय नाही. नुसतंच सांगून काय करायचं होतं? त्याची पहिली मॅच होऊ दे, मग सांगू, असं काकूच म्हणाल्या. सरांच्या पोरांच्या व्हॉट्सॲप ग्रुपवरसुद्धा सगळ्यांना सांगून ठेवलं होतं, हृषीला कळू देऊ नका."

आपली माणसं अशीच. मरण लपवतात आणि त्याला माया म्हणतात. ती मायाच असते, म्हणून तर शिवीही देता येत नाही.

हृषीकेशने फोन माझ्या हातातून घेतला. मला वाटलं, ओरडेल. त्याने विचारलं, "तायडे, सरांना कोणी पोचवलं?" नीरजा म्हणाली, पालिकेची माणसं होती, आपल्यातलं कोणालाच जवळ जाऊ दिलं नाही. "बरं," म्हणाला. नवसाबद्दल एक शब्द बोलला नाही. मी बोलायला गेले तर त्याने हाताने मला थांबवलं आणि फोन बंद केला. तिला हात दुखतोय एवढंच समजलं, कशाने ते नाही.

मग खुर्चीवर बसला आणि टेबलाकडे बघत म्हणाला, "मग मी कोणासाठी टाकत होतो गं?"

 मी त्याच्या डोक्यावर हात ठेवला, आणि आम्ही दोघंही रडलो.

लॉकडाऊन उठल्यावर एमआरआय झाला. डॉक्टरीणबाईंनी स्क्रीनवर पांढरी रेघ दाखवली, कोपराच्या आतल्या बाजूचं लिगामेंट. ते निम्म्याहून जास्त फाटलेलं होतं. हे एका दिवसात झालेलं नाही, म्हणाल्या, आधी थोडं फाटलं असणार आणि त्यावर ताण पडत गेला. त्याने विचारलं, महिन्याभरापूर्वी थांबलो असतो तर? त्या म्हणाल्या, मग बहुधा विश्रांतीने भागलं असतं. आता ऑपरेशन, आणि नंतर वर्षाच्या वर थांबायचं. परतीच्या वाटेवर गाडीत तो खिडकीबाहेर बघत बसला. मी रेडिओ लावला, त्याने बंद केला. महिन्याभरापूर्वी सरांना जाऊन महिना झाला होता. हा हिशोब आम्हा दोघांच्याही डोक्यात चालू होता.

मिचला त्याने सगळं खरं सांगितलं. दोघं आमच्या पायरीवर बसले होते. मिच भला माणूस. टोपी हातात फिरवत म्हणाला, "इट्स युअर आर्म, मेट. ऑपरेशन करणार असलास तर मी समजू शकतो. खेळायचं असेल तर एक इनिंग देईन. त्याहून जास्त देऊन मला झोप लागणार नाही."

मी आतून ऐकत होते. मिच गेल्यावर कडाडले, "ऑपरेशन कर! हात आहे तो, गोदामात खोकी कशाने उचलशील?"

"आणि मग काय, ताई? बत्तिसाव्या वर्षी पुन्हा चाचणीला जाऊ? तोवर सगळे परत आलेले असतील."

 नवस केला नसता तर, कळवलं असतं तर, कोरोनाच आला नसता तर. पण कोरोना आला नसता तर त्याला कोणी घेतलंच नसतं. विचार करायला लागलं की डोकं गरगरायचं.

मॅच जानेवारीत होती. प्रेक्षक अंतर सोडून बसवलेले, निम्म्या खुर्च्यांवर चिकटपट्ट्या. जळगावात तेव्हा दुपार होती. नीरजाच्या घरी सरांची जुनी पोरं जमली होती, मोबाइल टीव्हीला जोडून बसली होती. काकूही आल्या होत्या, सर गेल्यावर पहिल्यांदाच कोणाकडे. आपली टीम हरायला आलेली, शेवटाकडे मिचने त्याला खूण केली. लाउडस्पीकरवर त्याच्या आडनावाचं पार भजं झालं. मी उभी राहून टाळ्या वाजवल्या. माझ्याबरोबर वाजवणारे फार कोणी नव्हते.

पहिला बॅट्समन उंच होता, दाढीवाला. हृषीकेशने पहिला बॉल टाकला आणि त्याचा वेदनेने पिळवटलेला चेहरा मला लांबूनही दिसला. पण बॉल तस्साच बसला, बॅटखाली, ऐन वेळी. दुसराही तसाच. तिसऱ्यावर दाढीवाला बॅट फिरवून भेलकांडला आणि तीनदा हुकला म्हणून बाद झाला. आख्ख्या आयुष्यात एखादी गोष्ट मी इतकी सुंदर पाहिली नव्हती. मी किंचाळले. पलीकडे जळगावात काय झालं असेल ते मला ऐकू आल्यासारखं वाटलं.

पुढच्या बॅट्समनला टाकलेला पहिला बॉल त्याच्या हातातून सुटला तो थेट मागच्या जाळीवर जाऊन आदळला. हृषीकेश गुडघ्यावर बसला, कोपर पोटाशी धरून. मिच धावला. त्याला उठवून दोघं चालत बाहेर आले, आणि दुसरा पोरगा उंचवट्यावर गेला. हृषीकेश भंगाळेची कारकीर्द एवढीच.

ऑपरेशन झालं, पण पिच करण्यासाठी म्हणून नव्हे. शर्टाचं बटण लावता यावं, खोकं उचलता यावं, म्हणून. घरी आणलं त्या दिवशी नीरजाचा फोन आला. त्याला बोलवत नव्हतं, म्हणून मी घेतला. तो समोर सोफ्यावर होता, हात झोळीत.

"ताई, काय टाकलं हो त्यानं!" नीरजाचा आवाज अजून भरलेला होता. "काकू तर देवापुढे साखर ठेवून आल्या. स्नायू धरलाय म्हणतो, होईल ना बरा?"

"होईल."

"एक विचारू? सरांचं आम्ही लपवलं, मला रात्र-रात्र झोप यायची नाही. पण काकू म्हणतात, तेव्हा सांगितलं असतं तर पोरगं खचलं असतं, मैदानापर्यंत पोचलंच नसतं. बरंच केलं ना आम्ही? तुम्ही तिथे होतात, तुम्हाला माहीत. खरं सांगा."

खरं बोलण्यात मी आजवर कोणाची भीडभाड ठेवलेली नाही. त्यापायी नोकरीत नुकसान सोसलंय, माणसं गमावलीत. मी हृषीकेशकडे बघितलं. त्याला सगळं ऐकू येत होतं. तो मान हलवत होता, नको म्हणून, आणि त्याच्या डोळ्यांत जे होतं ते माझ्याकडे कधीच काही न मागितलेल्या माणसाचं मागणं होतं.

"हो," मी म्हणाले. "बरं केलंत, नीरजा."

ती रडत रडत हसली. मग तिने फोन काकूंना दिला, आणि मला ते पुन्हा एकदा म्हणावं लागलं.